दोरी बांधलेली जागा

‘खडी’ या सिनेमात अर्ध्यावर पडदा काळा होतो. चित्र नाही, आवाज नाही, एक बिडी ओढून व्हावी इतका वेळ नुसता अंधार. तो अंधार पगारे सरांनी परदेशी सिनेमे बघून उचलला, असं नाशकातली शिकलेली मंडळी सांगतात. एका मासिकाच्या अंकात तसं छापूनही आलं होतं. मी तो लेख दोनदा वाचला आणि त्याच कागदात तंबूच्या दारात गिऱ्हाइकाला शेंगदाणे बांधून दिले. तो अंधार सिन्नरच्या पलीकडच्या एका जत्रेतला आहे. त्या जत्रेत माझा तंबू होता. हे कुणी लिहीत नाही. सरांनीही कधी लिहिलं नाही, आणि त्याचा राग माझ्या मनात आजही आहे. तरी डोळे मिटले की सर दिसतात ते त्याच जत्रेत, धुळीत, दिवेलागणीच्या पिवळ्या उजेडात. मग राग जरा बाजूला सरकून बसतो.

मी तंबू टॉकीजवाला. एका थिएटराबाहेर शेंगा विकत मोठा झालो, भंगारात निघालेलं प्रोजेक्टर घासाघीस करून मिळवलं आणि जिल्ह्यातल्या जत्रा धरल्या. मला शिकवायला कुणी आलं नव्हतं. म्हणून कुणी शहाणपण सांगायला लागलं की माझं डोकं फिरतं. सरांशी पहिली गाठही भांडणातूनच पडली.

त्र्यंबकच्या यात्रेत खेळ चालू होता. उंच, किडकिडीत, ढगळ बुशशर्ट घातलेला एक माणूस अगदी पुढे, पडद्याच्या पायथ्याशी, पडद्याकडे पाठ करून बसलेला. सगळा तंबू त्याच्याकडे तोंड करून आणि हा तंबूकडे. हातात भेळभत्त्याची पुडी. मला वाटलं, करमणूक कराचा माणूस आहे, डोकी मोजतोय.

“पडदा मागे आहे,” मी जाऊन म्हणालो.

“हो. पण सिनेमा इकडे...”

“इकडे काय? पुढं बोला की.”

तो पुढं बोलला नाही. पुडीतला भत्ता माझ्यापुढे केला आणि हनुवटीने समोर दाखवलं. मी वळलो. पडद्याचा उजेड लोकांच्या तोंडांवर पडत होता, जात होता, परत येत होता. निळसर, हलता. गोदेच्या तळाशी शेकडो माणसं मांडी घालून बसली आहेत आणि वरून पाणी वाहतंय, असं वाटलं. एका बाईच्या मांडीवर मूल झोपलेलं, तिचं तोंड उघडं, आणि पडद्यावर कुणीतरी रडायच्या आधीच हिच्या डोळ्यांत पाणी. एवढ्या वर्षांत मी तिकडे तोंड करून कधी उभाच राहिलो नव्हतो.

“तिकीट काढलंय ना?” मी विचारलं. 

“काढलंय,” सर म्हणाले.

सर एका शाळेत चित्रकला शिकवत. वडील ओझरला विमानाच्या कारखान्यात फिटर. बाबासाहेबांच्या तसबिरीखाली बसून अभ्यास करून पुढे आलेलं घर. हा मुलगा पुण्याला जाऊन सिनेमाचं तंत्र शिकून आला आणि मुंबईला जायचं सोडून नाशकात मास्तर झाला. का, ते त्यांनी कधी पूर्ण सांगितलं नाही. ते कोणतीच गोष्ट पूर्ण सांगत नसत. वाक्य अर्ध्यावर सोडायचं आणि भत्ता चघळत समोरच्याकडे बघत राहायचं. वर्गातही तेच. फळ्यावर तीन पायांचा बैल काढायचे आणि खडू पोरांकडे द्यायचे. हेडमास्तरांनी एकदा विचारलं, “पगारे, चौथा पाय काढायला तुम्हाला काय होतं?” सर म्हणाले, “बघणाऱ्याला थोडं काम ठेवावं लागतं.” हे त्यांचं आवडतं वाक्य. पूर्ण म्हणायचे असं बहुधा एकच.

दुसरं एक होतं, पण ते सिनेमातलं. खेळ चालू असताना कुणी उठलं की हात धरून म्हणायचे, “थांबा, अजून संपलं नाही.”

पुढे ते सुट्टीत माझ्याबरोबर जत्रांना येऊ लागले. स्वतःची घडीची खुर्ची आणायचे, पडद्याखाली पाठमोरी मांडायचे. दिवसा, तंबू रिकामा असताना, कनातीतून ऊन ठिपक्या-ठिपक्यांनी आत यायचं आणि सर लांबलांबच्या देशांच्या गोष्टी सांगायचे. एका देशात क्रांती झाली, कोरी फिल्म मिळेना, तर तिथल्या पोरांनी जुन्या रिळांचे तुकडे उलटसुलट जोडून नवा सिनेमा रचला. दुसऱ्या एका देशात राजाबद्दल अवाक्षर काढायची सोय नव्हती, तर तिथले लोक लहान मुलांच्या गोष्टी सांगू लागले. बघणारे घरी जाऊन विचार करत बसायचे, की हरवलेल्या बुटांसाठी हा पोरगा एवढा का रडला.

“आणि आपल्याकडे?” मी विचारायचो.

“आपल्याकडे इंग्रज होता तेव्हा राक्षसाच्या तोंडी त्याची भाषा द्यायचे. लोक ओळखायचे. आता राक्षस...”

“आता काय?”

सर कनातीतल्या ठिपक्यांकडे बघत बसायचे.

त्या दिवसांत आम्ही सिन्नरच्या पलीकडच्या जत्रेला गेलो. आमच्या जत्रेच्या धंद्यात एक रीत असते. मैदानात प्रत्येकाची जागा पिढ्यान्‌पिढ्या ठरलेली. गोडीशेवेचं दुकान इथं, बांगड्या तिथं, मी आल्यापासून माझा तंबू वडाच्या अंगाला, आणि माझ्या शेजारी उस्मानभाईंचा रहाटपाळणा. त्या वर्षी उस्मानभाईंच्या घरी आजारपण होतं, ते आले नाहीत. मी त्यांच्या जागेला चार खुंट्या ठोकल्या, दोरी बांधली आणि दिवेलागणीला मधोमध एक कंदील ठेवला.

सर तिथंच थबकले. चहूकडे रेटारेटी, पाय ठेवायला जागा नाही, पिपाण्या वाजताहेत, आणि मधे हा रिकामा चौकोन. माणसांचा लोंढा दोरीपाशी यायचा आणि आपोआप दोन्हीकडून वळून जायचा. पोरंसुद्धा आत शिरत नव्हती. कंदिलाच्या उजेडात नुसती धूळ तरंगत होती.

“हे काय आहे, शेठ?”

“उस्मानभाईंचा पाळणा.”

“कुठे आहे?”

“आला नाही म्हणून काय झालं? जागा त्याचीच. आज मोडली, तर पुढच्या साली तो कुठं उभा राहणार? लोकांनी वळून जायला पाहिजे. म्हणजे त्यांच्या ध्यानात राहतं, इथं काय होतं ते.”

सर बराच वेळ त्या दोरीला हात लावून उभे होते. मग एक म्हातारा नातवाला कडेवर घेऊन आला आणि रिकाम्या हवेत बोट दाखवत सांगू लागला, पाळणा कसा वर जायचा, वरून देवीचा कळस कसा दिसायचा. पोरगं मान वर करून बघत होतं. नसलेल्या पाळण्याच्या मागोमाग त्याची मान फिरत होती.

बस. तो अंधार हा असा आला. कुठल्या परदेशातून नाही.

‘खडी’चं चित्रीकरण त्याच गावात झालं. बहात्तरच्या दुष्काळात तिथं सरकारी कामावर बाया खडी फोडत होत्या. मुकादम झालेलं काम वहीत कमी मांडायचा. एक दिवस पारूबाई नावाच्या बाईने हातोडा खाली ठेवला आणि तिच्यामागे सगळ्यांनी ठेवला. दुष्काळ सरल्यावर सरांनी हीच हकिकत त्याच बायांना घेऊन उभी केली. पुण्याचे दोन मित्र, मागून आणलेला कॅमेरा, जनरेटर माझा, जीप माझी. पारूबाई पारूबाईच झाली. साहेब येतो, दरडावून विचारतो, काम का बंद? पारूबाई म्हणते, “हातोडा खाली ठेवलाय सायेब. उचलून बघा.” मग रांगेतली एकेक बाई म्हणते, “माझा बी ठेवलाय.” “माझा बी.” एवढाच प्रसंग. बाकी सिनेमा म्हणजे ऊन, दगड आणि पाण्याची वाट बघणं.

सिनेमा पुरा झाला आणि आणीबाणी लागली.

सिनेमा सेन्सॉरकडून पास करून घ्यायला मुंबईला जायचं होतं. सरांना बोलता येणार नाही हे मला माहीत होतं, म्हणून मी बरोबर गेलो. समोरच्या साहेबांनी चार जागी खूण केली. हे काढा, ते काढा, हेही काढा, आणि संपाचा प्रसंग तर पहिला काढा.  मी खुर्ची पुढे ओढली.

“साहेब, मुकादम शिवी देतो ती राहू द्या. शिवी न देणारा मुकादम दाखवला तर लोक हसतील, सरकारचंच हसू होईल.”

“ठीक. ठेवा.”

“कोरडी विहीर राहू द्या. देवाने पाणी दिलं नाही, त्यात सरकारचा काय दोष?”

साहेब हसले. असं करत करत मी चारावरून एकावर आणलं. कांद्याच्या लिलावातसुद्धा इतकं कुणी ओढत नाही. संपाचा प्रसंग मात्र साहेब सोडेनात. “तो गेला तरच सिनेमा बाहेर येईल,” म्हणाले. मी म्हणालो, “गेला.”

कसारा घाटात गाडी चढत होती. धुक्यात झाडं येत होती, विरत होती. मी माझ्या कामगिरीवर खूश. सर खिडकीकडे तोंड करून म्हणाले, “शेठ, तुम्ही चारातले तीन वाचवलेत आणि सिनेमा देऊन आलात.”

माझं टाळकं सटकलं. “मग तुम्ही बोलायचं होतं. तोंडाला कुलूप लावून बसलात आणि आता मला ऐकवता?”

सर चिडले नाहीत. इगतपुरी मागे पडल्यावर त्यांनी हळूच विचारलं, “उस्मानभाई यंदा येणार का हो?”

“येणार. जागा राखलीय ना.”

ते एकदम माझ्याकडे वळले. एखादं मूल झोपेतून उठून बघतं तसे. घरी जाऊन त्यांनी प्रसंग कापला, आणि जितका कापला तितक्याच लांबीची काळी फिल्म तिथं जोडली.

पहिला खेळ त्याच गावात, जत्रेत, माझ्या तंबूत. उस्मानभाईंचा पाळणा शेजारी फिरत होता, त्याची कुरकुर आत ऐकू येत होती. सिनेमात साहेबाची जीप येते, धूळ उडते, साहेब उतरतो आणि अंधार. शिट्ट्या सुरू झाल्या. “लाईट, ए लाईट!” “रीळ तुटली रं!” पडद्यापाशी सरांच्या शेजारून मी प्रोजेक्टरकडे धावणार तोच त्यांनी माझी बाही धरली. “थांबा, अजून संपलं नाही.”

शिट्ट्या दमल्या. जनरेटरची घरघर तेवढी राहिली. कनात वाऱ्याने फुगत होती, बसत होती, सगळा तंबू झोपेत श्वास घेतल्यासारखा. आणि त्या काळोखातून, बायकांच्या बाजूने, पारूबाईचा आवाज आला. मोठा नाही. शेजारणीशी बोलावं तसा.

“हातोडा खाली ठेवलाय सायेब. उचलून बघा.”

 मग दुसरीकडून, “माझा बी ठेवलाय.” मग मागून, “माझा बी.” मग पुरुषांच्या बाजूने एक घोगरा आवाज, जो त्या कामावर कधी नव्हताच, “माझा बी.” काळोखात आवाज एकेक करून पेटत गेले. कुठून येताहेत कळेना. मी कुठल्या वर्षात उभा आहे तेही कळेना. मग पडदा उजळला. जीप परत चाललेली, धूळ खाली बसलेली. सर आपल्या खुर्चीत लोकांकडे तोंड करून बसले होते, आणि मांडीवरची भत्त्याची पुडी उघडलेलीसुद्धा नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी फौजदार आले. बातमी पोचली होती. “बंदी घातलेला संवाद तंबूत म्हटला गेला. कुणी म्हटला?”

“साहेब, अंधार होता,” मी म्हणालो. “कोण दिसणार?”

“रीळ काढा.”

मी रीळ काढली. फौजदारांनी काळी फिल्म उन्हात धरली, हातभर ओढली, पुन्हा धरली. “यात काय आहे?”

“काही नाही साहेब. कापायला सांगितलं ते कापलंय. आता अंधार कापायचा असेल तर तसं सांगा.”

ते निघालेच होते. तेवढ्यात सर म्हणाले, “आहे.”

मला वाटलं, या माणसाचा गळा धरावा.

“काय आहे?” फौजदारांनी विचारलं.

“त्या बाया आहेत. तुम्हाला दिसत नाहीत एवढंच.” वाक्य पूर्ण. नेमकं तिथं पूर्ण.

फौजदारांनी सरांना खालपासून वरपर्यंत पाहिलं, मग फिल्मकडे. “काळ्या पट्टीचा पंचनामा कसा लिहू मी? उद्या वरचे मलाच वेड्यात काढतील.” रीळ माझ्या अंगावर टाकली. “तंबू उतरवा. आजच्या आज. आणि हे पुन्हा कुठं लागलं, तर दोघंही आत.”

भर जत्रेत माझा तंबू उतरला. उस्मानभाई बघत उभे राहिले. मी सरांशी वाटेत एक शब्द बोललो नाही. नंतरच्या दिवसांत मी देवदेवतांचे खेळ लावले, ते भरभरून चालले. देशात मोठमोठे सिनेमावाले तेच करत होते. कुणी देवाकडे वळलं, कुणी प्रेमाकडे, कुणी गप्प राहिलं. ‘खडी’ माझ्या पत्र्याच्या पेटीत झोपली.

आणीबाणी उठल्यावर नाशकातल्या सिनेमा बघणाऱ्या मंडळींनी सरांना गाठलं. मी पेटी उघडून रीळ दिली, कापलेला प्रसंग परत जोडला गेला. मोठ्या हॉलमध्ये खेळ झाला, हारतुरे झाले. मी शेवटच्या रांगेत होतो. त्या काळ्या पट्टीची गोष्ट आता सगळ्यांना ठाऊक झाली होती. स्टेजवरून कुणी विचारलं, “सर, अंधाराची ही कल्पना आपल्याला कुठून मिळाली?”

मी ताठ बसलो.

सर म्हणाले, “ते आमच्या एका...” आणि थांबले. नेहमीसारखे. समोर बघत.

त्यांचं अर्धं वाक्य एका प्राध्यापकाने पूर्ण केलं. परदेशातल्या क्रांतीनंतरच्या सिनेमावर तो बराच वेळ बोलला. टाळ्या पडल्या. सरांनी खोडलं नाही. मी उठलो आणि बाहेर आलो. या वेळी माझी बाही धरायला कुणी नव्हतं.

त्यानंतर त्यांनी मला एकच निरोप धाडला, ‘खडी’ त्या गावात पुन्हा लावायची आहे. मी तंबू दिला, बोललो नाही. या खेपेला पडदा काळा झाला नाही. पारूबाई पडद्यावर बोलली, बाया बोलल्या. तंबूत चिडीचूप. खेळ सुटल्यावर सरांनी पारूबाईला विचारलं, “मावशी, कसं वाटलं?”

“ब्येस हाय.” तिने पदर सावरला. “पर आता ती पडद्यातली पारूच बोलती. मग आमी कशाला बोलावं? गेल्या टायमाला लय बरं वाटलं व्हतं.”

सरांनी तो प्रसंग पुन्हा कापला. स्वतःच्या हाताने. काळी पट्टी परत जोडली. नाशकातली मंडळी संतापली. “पगारे, आता कुणाची बंदी आहे?” सर म्हणाले, “बंदी नाही, म्हणूनच...” त्या मंडळींना पुढचं काही सुचलं नाही. मला सुचलं होतं, पण मी सांगायला गेलो नाही. ज्याची दोरी त्याचं नाव नाही, तर मी कशाला तोंड उघडू?

मग व्हिडिओ आला. गावागावांत खोल्यांत टीव्ही मांडून सिनेमे दाखवू लागले. तंबूत पाच-पंचवीस माणसं, तीही पावसापासून आडोसा म्हणून आलेली. मी प्रोजेक्टर विकलं, कनाती विकल्या. पिंपळगावला द्राक्षांच्या पेट्यांचा धंदा धरला. त्या वर्षी सिन्नरपलीकडच्या जत्रेला जायचं नाही असं ठरवलं होतं. पण तो दिवस उजाडला आणि पाय ओढू लागले. मी टेम्पोत बसून निघालो, नुसता बघ्या म्हणून.

ऊन कलत होतं. धूळ सोन्यासारखी उभी होती. मी वडाच्या अंगाला वळलो आणि थांबलो. माणसांचा लोंढा माझ्या पुढे दोन्हीकडे फुटत होता. चार खुंट्या. दोरी. दोरीच्या बाहेर, कोपऱ्यावर, घडीच्या खुर्चीत सर. केस पांढरे झालेले, बुशशर्ट आणखी ढगळ. तब्येत ढासळलीय हे ऐकून होतो, इतकी असेल असं वाटलं नव्हतं. तोंड लोकांकडे, पाठ रिकाम्या जागेकडे.

एक खेळणीवाला टोपली टेकवून त्यांच्याशी हुज्जत घालत होता. “मास्तर, मोकळीच हाय की जागा. मला कडंला बसू द्या.”

“मोकळी नाही.”

“हाय की. काय हाय तिथं?”

“शेठचा तंबू आहे,” सर म्हणाले. “ते येणार आहेत.”

खेळणीवाल्याने आत डोकावून पाहिलं. मग टोपली उचलली आणि दोरीला वळसा घालून निघून गेला.

मी जवळ गेलो. सरांनी मला पाहिलं. दचकले नाहीत, हसलेही नाहीत. खिशातून भत्त्याची पुडी काढून माझ्यापुढे धरली. मी घेतला. शेजारी जमिनीवर बसलो. उस्मानभाईंचा मुलगा आमच्या दोघांच्या मधून वाकून आत गेला, मधोमध कंदील ठेवला, वात वर केली आणि आल्या वाटेने बाहेर आला. एक बाई पोराला वर उचलून त्या चौकोनात बोट दाखवत काहीतरी सांगत होती. पोराचे डोळे उंचावर कुठंतरी, पडदा असायचा तिथं लागलेले.

“शेठ,” सर म्हणाले, “पुढच्या वर्षी...”

मी पुढं बोला म्हणालो नाही. पाळणा कुरकुरत वर जात होता.